नसलेली पोथी आणि सड्यावरचा वारसा

कोकणात राजापूरकडच्या कुठल्याशा जुन्या घराच्या माळ्यावर म्हणे एक प्राचीन पोथी सापडली आहे. एका विश्वातून दुसऱ्या, समांतर विश्वात कसं जायचं याची रीत तिच्यात लिहिली आहे, आणि आपल्या सड्यांवरची, म्हणजे उघड्या जांभ्या कातळाच्या माळांवरची, कातळशिल्पं (खडकात कोरलेली जुनी चित्रं) ही त्या प्रवासाची दारं आहेत. गाव कोणतं, घर कोणाचं, पोथी सध्या कोणाकडे आहे, हे कोणीच सांगत नाही. तरी हा मजकूर मोबाइलवरून मोबाइलवर फिरतो आहे, आणि लग्नाच्या पंगतीत, एसटीच्या थांब्यावर, गणपतीला आलेल्या मुंबईकरांच्या ओटीवर त्यावरून वाद झडताहेत. एक बाजू म्हणते, पूर्वजांना सगळं ठाऊक होतं, गोऱ्यांनी आता कुठे शोधलं. दुसरी म्हणते, पोथ्याबिथ्या सगळं थोतांड, माळे झाडून टाका एकदाचे. दोघेही तावातावाने बोलतात, पण ज्या वस्तूबद्दल बोलायचं ती डोळ्यांनी पाहण्याची गरज दोघांपैकी कोणालाच वाटत नाही.

माझं म्हणणं असं. ही पोथी काल्पनिक आहे, कारण तिचं एक पानही आजवर कोणी दाखवलेलं नाही. काल्पनिक असण्यात कमीपणा काहीच नाही. समांतर विश्वांच्या प्रवासाचा ग्रंथ ही फार सुंदर कल्पना आहे. पण कल्पनेला प्राचीनत्वाचं खोटं वय चिकटवलं की त्याची किंमत खऱ्या गोष्टींना मोजावी लागते. ती आज कोकणातल्या कातळशिल्पांना मोजावी लागते आहे, माळ्यांवर खरोखर पडून असलेल्या पोथ्यांना मोजावी लागते आहे, आणि सर्वांत जास्त, ज्या पूर्वजांचा मोठेपणा सांगायला आपण निघालो त्यांनाच मोजावी लागते आहे.

पोथीच्या बाजूने बोलणाऱ्यांचा सर्वांत भक्कम मुद्दा आधी घेतो, कारण तो खरोखरच भक्कम आहे. ते विचारतात, आज दिसत नाही म्हणून ग्रंथ नव्हताच असं कशावरून? कौटिल्याचं अर्थशास्त्र कित्येक शतकं कोणाच्या हाती नव्हतं. 1905 साली तंजावरकडच्या एका पंडिताने त्याची हस्तलिखित प्रत म्हैसूरच्या सरकारी ग्रंथालयात आणून दिली, तिथले ग्रंथपाल शामशास्त्री यांनी ती ओळखली आणि 1909 मध्ये छापली. भासाची नाटकंही अशीच. कालिदास ज्याचं नाव आदराने घेतो त्या नाटककाराची नाटकं म्हणून गणपतिशास्त्र्यांनी 1912 पासून ती त्रिवेंद्रमहून प्रसिद्ध करायला सुरुवात केली, तोवर जगाला भास म्हणजे नुसतं नाव होतं. मग उद्या कोकणातल्या एखाद्या पेटीतून काही निघणारच नाही, असं छातीठोकपणे कोण सांगेल? मी तरी सांगणार नाही. काहीही निघू शकतं.

पण अर्थशास्त्र मान्य झालं ते कशामुळे? प्रत ग्रंथालयात होती, ज्याला शंका असेल त्याने जाऊन पाहावी अशी सोय होती. ग्रंथ हरवलेला असला तरी त्याच्या पाऊलखुणा इतरत्र होत्या. दंडीच्या दशकुमारचरितात त्याचा उल्लेख येतो, बाणभट्ट कादंबरीत कौटिल्याच्या शास्त्राला निर्दय म्हणून नावं ठेवतो. ग्रंथाला शेजारीपाजारी होते. आणि एवढं असूनही त्याचा काळ कोणता, कर्ता एक की अनेक, यावर विद्वानांचा वाद आजही चालू आहे. भासाच्या नाटकांचं तर ती सगळी भासाचीच का, इथपासून प्रश्न आहेत. म्हणजे जी पोथी सर्वांसमोर आहे तिलाही शंभर वर्षं प्रश्न विचारले जातात. मग जी कोणी पाहिलीच नाही तिच्यावर एका संध्याकाळी विश्वास कसा ठेवायचा? हरवलेल्या ग्रंथाची शक्यता मान्य करणं आणि सापडल्याची आवई खरी मानणं, या दोन गोष्टींत फार मोठं अंतर आहे.

ज्यांनी खरी पोथी हातात घेतली आहे त्यांना हे अंतर सांगावं लागत नाही. लाल फडक्याची गाठ सोडली की वर-खाली लाकडी फळ्या, मधे सुटी, आडवी, लांबट पानं. दोन्ही बाजूंना तांबड्या शाईच्या समासरेघा. मधेच पिवळा डाग दिसतो, तिथे लेखनिकाने चुकलेल्या अक्षरावर हरताळ लावून वर दुरुस्ती केलेली असते. कसरीने पाडलेली बारीक भोकं पानामागून पान आरपार गेलेली असतात. आणि खरी गंमत शेवटच्या पानावर. तिथे बहुतेक वेळा शक, संवत्सर, तिथी, वार, गावाचं नाव, लिहिणाऱ्याचं नाव आणि कोणासाठी लिहिलं ते असतं. कधी तिथे तो प्रसिद्ध श्लोकही भेटतो: पाठ, कंबर, मान मोडून, नजर खिळवून, खाली मान घालून कष्टाने हा ग्रंथ लिहिला आहे, तो जपून ठेवा. कधी पोथी स्वतःच बोलते: तेलापासून राखा, पाण्यापासून राखा, सैल बांधणीपासून राखा, मूर्खाच्या हाती देऊ नका.

कोकणात तर या राखण्याला दुसरा पर्यायच नव्हता. चार महिने कोसळणारा पाऊस, भिंतींना येणारी ओल, वाळवी, वर खारा वारा. या हवेत कागद काय किंवा ताडपत्र काय, हजारो वर्षं टिकत नाही. आपल्याकडे जो मजकूर प्राचीन आहे तो टिकला, कारण दर काही पिढ्यांनी कोणीतरी पाठ मोडून त्याची नवी नक्कल केली. नक्कल झाली की एकाच्या दोन प्रती होतात, त्या दोन गावांत जातात, त्यांवर टीका लिहिल्या जातात, कोणी कीर्तनात दाखला देतो. ज्या ग्रंथाची दुसरी प्रत नाही, टीका नाही, कुठे उल्लेख नाही, ज्याच्या शेवटच्या पानाचा साधा फोटोही कोणी दाखवू शकत नाही, तो हजारो वर्षं या ओलीत कसा राहिला, हे सांगण्याची जबाबदारी दावा करणाऱ्याची आहे. शंका घेणाऱ्यावर ती ढकलता येणार नाही.

दुसरा मुद्दा भावनेचा आहे, आणि तो मी हलका समजत नाही. 1835 मध्ये मेकॉले या इंग्रज अधिकाऱ्याने आपल्या टिपणात लिहून ठेवलं की युरोपातल्या चांगल्या ग्रंथालयातलं एक फडताळ हिंदुस्तान आणि अरबस्तानच्या सगळ्या वाङ्मयाच्या तोडीचं आहे. तेव्हापासून आपल्या कित्येक पिढ्या हे ऐकत शिकल्या. ज्याला सतत हिणवलं गेलं त्याला मोठेपणाचा पुरावा हवासा वाटणं अगदी स्वाभाविक आहे. पण खोट्या कागदाने हिणवणाऱ्याचं तोंड कधी बंद झालं आहे का? इतिहास नेमकं उलटं सांगतो.

अठराव्या शतकात ‘एझूरवेदम्’ नावाचा एक ग्रंथ फ्रान्समध्ये पोचला. हा प्राचीन वेदच, अशा समजुतीने व्होल्टेअर या फ्रेंच विचारवंताने त्याची प्रत 1761 मध्ये राजाच्या ग्रंथालयाला दिली. 1778 मध्ये तो छापून निघाला. थोड्याच वर्षांत उघड झालं की हा वेद नव्हे, हिंदूंना ख्रिस्ती मताकडे वळवण्यासाठी मिशनऱ्यांच्या गोटात तयार झालेलं ते पुस्तक आहे. म्हणजे भारताची थोरवी सांगायला ज्याने जो ग्रंथ हाती घेतला, तोच भारताचा नव्हता. दुसरं उदाहरण चेक लोकांचं. त्यांची भाषा जर्मनच्या दडपणाखाली होती, आणि 1817-18 च्या सुमाराला त्यांना मध्ययुगीन चेक काव्याची हस्तलिखितं ‘सापडली’. सगळं राष्ट्र हरखून गेलं. 1886 मध्ये मासारिक नावाच्या प्राध्यापकाने आपल्या नियतकालिकातून ती बनावट असल्याचं म्हणणं पुढे आणलं, तेव्हा त्याला देशद्रोही म्हणण्यापर्यंत लोकांची मजल गेली. मासारिकचं म्हणणं असं, की राष्ट्राचा अभिमान खोट्यावर उभा राहू शकत नाही. याच मासारिकला 1918 मध्ये स्वतंत्र चेकोस्लोव्हाकियाने आपला पहिला राष्ट्राध्यक्ष केलं. त्या भाषेवर अधिक प्रेम कोणाचं होतं, बनावट हस्तलिखितं रचणाऱ्याचं की ती उघडी पाडणाऱ्याचं?

आपल्याकडचं उदाहरण तर ताजंच म्हणायचं. भरद्वाज ऋषींच्या नावावर खपणारं वैमानिकशास्त्र विसाव्या शतकाच्या सुरुवातीला सुब्बराय शास्त्री यांनी तोंडी सांगितलं आणि ते उतरवून घेतलं गेलं. 1974 मध्ये बेंगळुरूच्या इंडियन इन्स्टिट्यूट ऑफ सायन्समधल्या अभ्यासकांनी त्याची भाषा तपासली, आकृत्या तपासल्या, आणि निष्कर्ष काढला की ग्रंथ 1904 च्या आधीचा असू शकत नाही आणि त्यातली यानं उडू शकणार नाहीत. हे तपासणारे आपलेच होते, आपल्याच संस्थेतले होते. तरीही तो ग्रंथ प्राचीन म्हणून आजही ठोकून दिला जातो. त्याच वेळी आर्यभटाची, ब्रह्मगुप्ताची, भास्कराचार्यांची गणितं, जी खरीखुरी आहेत आणि कोणालाही तपासता येतात, ती वाचायला मात्र कोणाला वेळ नाही. पूर्वजांनी जे केलं ते दुर्लक्षित, जे केलं नाही ते त्यांच्या नावावर. याला कोणत्या अर्थाने आदर म्हणायचं?

आणि ‘आधुनिक विज्ञान जे आज सांगतं ते पोथीत आधीच होतं’ हे तरी खरं आहे का? अनेक विश्वांची जी कल्पना आज गाजते तिच्या मुळाशी ह्यू एव्हरेट या भौतिकशास्त्रज्ञाने 1957 मध्ये मांडलेला पुंजयामिकीचा (क्वांटम मेकॅनिक्सचा) एक अर्थ आहे. तो सर्वांना मान्य आहे असंही नाही. पण मान्य केला तरी त्यात विश्वाच्या एका शाखेतून दुसऱ्या शाखेत जाण्याची सोय नाही. शाखा एकदा वेगळ्या झाल्या की त्यांचा एकमेकींशी व्यवहार राहत नाही. म्हणजे ‘प्रवास’ हा विज्ञानाचा शोध नाहीच, तो विज्ञानकथांचा आहे. पूर्वजांच्या पदरात आपण शोध घालतो आहोत असं वाटत असताना प्रत्यक्षात आजच्या सिनेमाचं कथानक घालतो आहोत.

आता दुसऱ्या बाजूकडे वळतो, कारण ती बाजू स्वतःला शहाणी समजते आणि तिचं चुकणं मला जास्त डाचतं. ‘सगळं थोतांड’ म्हणणाऱ्यांनी योगवासिष्ठ या जुन्या संस्कृत ग्रंथातलं लीलेचं आख्यान वाचलं आहे का? राणी लीलेचा नवरा मरतो. सरस्वतीच्या सांगण्यावरून ती त्याचा देह फुलांनी झाकून ठेवते आणि ध्यानात त्याला शोधत जाते. तिथे, दुसऱ्या एका सृष्टीत, तो सोळा वर्षांचा राजा होऊन सिंहासनावर बसला आहे, आणि भोवती तेच मंत्री, तेच नागरिक. लीला घाबरते. ही सगळी माणसं मेली की काय? ती परत येते, मध्यरात्री दरबार भरवते, तर सगळे जिवंत, आपापल्या जागी. मग ती सरस्वतीला विचारते, यातलं खरं कोणतं आणि प्रतिबिंब कोणतं? पुढे कळतं की एका ब्राह्मणाच्या लहानशा घराच्या आकाशात हे सगळं राज्य, पर्वत, समुद्र मावलेले आहेत, आणि त्या ब्राह्मणाला मरून फक्त आठ दिवस झाले आहेत. भागवतातली ककुद्मीची गोष्ट घ्या. मुलगी रेवती हिच्यासाठी वर विचारायला तो ब्रह्मलोकात जातो, गायन चालू असतं म्हणून क्षणभर थांबतो, तेवढ्यात पृथ्वीवर सत्तावीस चतुर्युगं उलटून गेलेली असतात.

या कथांत भौतिकशास्त्र नाही. त्यांत मृत्यूबद्दलचं दुःख आहे, काळाबद्दलचं भय आहे, आणि ‘मी जे पाहतो तेच एकमेव खरं कशावरून?’ हा प्रश्न आहे. लीलेला दुसरं विश्व यंत्राने गाठायचं नव्हतं, तिला नवरा पाहायचा होता. ज्याला त्यात फक्त थोतांड दिसतं त्याने, आणि ज्याला त्यात फक्त सूत्रं दिसतात त्याने, दोघांनीही लीलेचा प्रश्न ऐकलेलाच नाही.

पोथीपर्यंतही जायला नको. भांडी देणाऱ्या तळ्याची गोष्ट कोकणातल्या किती गावांत सांगतात! लग्नकार्य निघालं की आदल्या दिवशी तळ्याकाठी जाऊन गाऱ्हाणं घालायचं, सकाळी हंडे, परात, टोप काठावर हजर. कार्य झालं की घासूनपुसून परत ठेवायचे. मग कोणीतरी एक भांडं ठेवून घेतलं आणि देणं बंद झालं. पाण्याखाली आपल्यासारखंच एक जग आहे, त्याचा आपल्याशी शेजारधर्म आहे, आणि तो आपल्या हावेमुळे तुटला, एवढं सगळं या चार वाक्यांत आहे. ही गोष्ट खरी ठरवण्यासाठी कोणी तळं उपसायला गेलं नाही, आणि खोटी ठरवून कोणी ती सांगायची थांबवली नाही. गोष्टीला गोष्ट म्हणून सांभाळण्याची ही समज आपल्या आजी-पणजींना होती, मग शिकल्यासवरल्या माणसांची ती कुठे गेली?

‘पण यात नुकसान काय? चार पर्यटक येतील, पोरांना कुतूहल वाटेल,’ असं काही जण म्हणतात. नुकसान सड्यावर जाऊन पाहावं. उक्षी, जांभरुण, कशेळी, रुंढेतळी, देवीहसोळ, बारसू, देवाचं गोठणं, सिंधुदुर्गातलं कुडोपी आणि गोव्यातलं फणसामळ अशी नऊ ठिकाणं 2022 मध्ये युनेस्कोच्या जागतिक वारशाच्या तात्पुरत्या यादीत गेली. कशेळीला एका प्रचंड हत्तीच्या आकृतीच्या आत कितीतरी लहान प्राणी कोरले आहेत. आज कोकणात मागमूस नसलेला गेंडा काही चित्रांत ओळखता येतो. ज्यांनी हे कोरलं ती माणसं कोण होती, काय खात होती, या कातळावर का जमत होती, चित्रं किती जुनी, हे सगळे प्रश्न अजून उघडे आहेत, कारण उघड्या कातळातल्या खोबणीचं वय काढणं फार अवघड आहे. त्या खोबणी कित्येक वर्षं मातीने भरलेल्या होत्या. रत्नागिरीतल्या हौशी अभ्यासकांनी गुराख्यांना विचारत, सडा पायाखाली घालत, माती काढत एकेक चित्र मोकळं केलं. हे काम ज्या माणसांनी केलं त्यांच्या धीरापुढे समांतर विश्वाचं दार हे फार स्वस्त उत्तर आहे. असं उत्तर एकदा मिळालं की पुढचा प्रश्न कोण विचारणार?

देवाच्या गोठण्याचंच पाहा. तिथल्या मानवाकृतीजवळ होकायंत्राची सुई भलतीच दिशा दाखवते. पोथीवाल्यांना हा हुकमी पुरावा वाटतो. पण जांभा दगड लोहाने भरलेला असतो, आणि वीज पडली की असा खडक त्या जागी चांगलाच चुंबकीय होऊ शकतो, हे भूभौतिकीत ठाऊक असलेलं आहे. गोठण्याला नेमकं कारण काय, ते मोजमाप करून ठरवता येईल. आणि त्याहून सरस प्रश्न माझ्या मते वेगळाच आहे: हातात होकायंत्र नसलेल्या माणसाने नेमकी हीच जागा निवडली, की हा योगायोग? शाळेतली मुलं एक होकायंत्र आणि आखलेला कागद घेऊन दहा-दहा पावलांवर सुईची नोंद करू शकतील, आणि कोणत्याही भाकडकथेपेक्षा त्यांना त्यात अधिक रस वाटेल.

शिवाय सड्याला राखण्यासाठी पुरावा लागतो. चिरेखाणीचं यंत्र सड्यावर चढतं, आंब्याच्या खड्ड्यासाठी कातळ फोडला जातो, रस्ता रुंद होतो, प्रकल्पाची आखणी होते. बारसूच्या सड्यावरचा तेलशुद्धीकरण प्रकल्पाचा वाद सगळ्या महाराष्ट्राने पाहिला. अशा वेळी सरकारी टेबलावर नकाशा, मोजमाप, छायाचित्रं आणि अभ्यासकाचा अहवाल ठेवावा लागतो. तिथे ‘ही दुसऱ्या विश्वाची दारं आहेत’ असं म्हणणारा माणूस कातळशिल्पांची बाजू मजबूत करतो की हास्यास्पद करून सोडतो? ज्याला तो कातळ फोडायचा आहे त्याच्या तो किती कामाचा आहे, याचा विचार या मजकुराच्या प्रेमात पडलेल्यांनी जरूर करावा.

तपासणं म्हणजे अश्रद्धा, हा समज तर आपल्या परंपरेलाच धरून नाही. शके 1506 मध्ये एकनाथांनी ज्ञानेश्वरीच्या प्रती जमवून पाठ शुद्ध केला आणि शेवटी बजावलं, ‘ज्ञानेश्वरीपाठीं । जो ओवी करील मऱ्हाटी । तेणें अमृताचे ताटीं । जाण नरोटी ठेविली ॥’ म्हणजे अमृताच्या ताटात करवंटी ठेवल्यासारखं. कितीही चांगली ओवी असो, ती माउलींच्या नावावर घालायची नाही. पुण्याच्या भांडारकर संस्थेने 1919 पासून 1966 पर्यंत खपून, बाराशेहून अधिक हस्तलिखितं ताडून महाभारताची चिकित्सक आवृत्ती काढली. व्यास सांगताहेत आणि गणपती लिहून घेतो आहे, हा घराघरांत लाडका असलेला प्रसंगसुद्धा मूळ संहितेत बसत नाही म्हणून त्यांनी बाजूला काढला. महाभारतावर त्यांच्यापेक्षा जास्त प्रेम कोणी केलं? रायगड जिल्ह्यातल्या वरसईचे इतिहासकार वि. का. राजवाडे गावोगाव दप्तरं धुंडाळत फिरले ते मराठ्यांच्या इतिहासाला अस्सल कागद मिळावा म्हणून. आणि रत्नागिरीत जन्मलेल्या टिळकांनी 1903 मध्ये आर्यांचं मूळ स्थान उत्तर ध्रुवाजवळ होतं असा धाडसी सिद्धान्त मांडला, जो आज अभ्यासक स्वीकारत नाहीत. पण त्यांनी प्रत्येक ऋचा वाचकापुढे ठेवली, अर्थ कसा लावला ते सांगितलं, खाली स्वतःचं नाव घातलं. म्हणून त्यांना खोडून काढता आलं. धाडस करावं ते असं.

तेव्हा समांतर विश्वांच्या प्रवासाचा ग्रंथ कोकणाला हवा असेल, तर तो कोणीतरी आज लिहावा. खाडीवरची होडी, सड्यावरचा हत्ती, वेशीवरचा राखणदार, तळ्यातली भांडी, मुंबईला गेलेला चाकरमानी आणि गावातच राहिला असता तर झाला असता तो माणूस, एवढा ऐवज हाताशी असताना त्याची कादंबरी मराठीत का होऊ नये? पहिल्या पानावर लेखकाचं नाव आणि आजचं साल घालावं, आणि मग आत हवी तितकी विश्वं उभी करावीत. आणि ज्यांच्या माळ्यावर खरंच लाल फडक्यातलं बासन आहे, त्यांनी पावसाळ्याआधी ते खाली उतरवावं. पानांना तेल लावू नये, फाटलेल्या जागी चिकटपट्टी लावू नये, ऊन देऊ नये. पानं आहेत त्याच क्रमाने ठेवून स्वच्छ उजेडात एकेका पानाचे दोन्ही बाजूंनी फोटो काढावेत, शेवटच्या पानाचा आधी, आणि ते जवळच्या महाविद्यालयातल्या संस्कृतच्या किंवा इतिहासाच्या शिक्षकांना दाखवावेत. बहुतेक वेळा पंचांग निघेल, व्रतकथा निघेल, वैद्यकाचं बाड निघेल, कुळाच्या जमिनीचा हिशेब निघेल. त्या हिशेबात दोनशे वर्षांपूर्वी त्या गावात भात किती पिकत होतं आणि नारळ काय भावाने जात होता, हे लिहिलेलं असू शकतं. ते आजवर कोणीच वाचलेलं नाही.